शब्दाचा शेवट कोठे? : ‘पूर्ण शब्द’ या शोधाचा इतिहास आणि मराठी संहितेचा अभ्यास

१

टेक्स्ट एडिटरमध्ये एखादा शब्द शोधताना शोधचौकटीशेजारी एक पर्याय दिसतो : फक्त पूर्ण शब्द जुळवावा. या पर्यायाचा उपयोग उघड आहे. इंग्रजी मजकुरात ‘ऑन’ या शब्दयोग्याची स्थळे हवी असतील, तर ‘नेशन’, ‘युनियन’, ‘अपॉन’ यांच्या लेखनात लपलेली तीच दोन रोमन अक्षरे वगळावी लागतात. पर्याय निवडला की ती वगळली जातात. अभ्यासकाला स्थळांची यादी मिळते, यादीवरून वारंवारता मिळते आणि वारंवारतेवरून शैलीविषयी, कर्तृत्वाविषयी, कालनिर्णयाविषयी काही विधाने करता येतात.

हीच कृती मराठी संहितेवर केली तर काय होते? समजा, एखाद्या कादंबरीतील ‘मूल’ या शब्दाची स्थळे पाहायची आहेत. पूर्ण शब्द शोधला, तर केवळ प्रथमेच्या एकवचनाची स्थळे येतील आणि त्यांच्यात ‘मूळ’ या अर्थाचा संस्कृत शब्दही मिसळलेला असेल. ‘मुलाला’, ‘मुलाने’, ‘मुलांचा’, ‘मुले’ यांतले एकही रूप येणार नाही. पूर्ण शब्दाची अट काढली, तर ‘मूलभूत’, ‘मूल्य’, ‘समूल’, ‘आमूलाग्र’ हे सारे येतील. ‘मुलाला’ मात्र तरीही येणार नाही, कारण सामान्यरूप होताना दीर्घ ऊकार ऱ्हस्व झालेला असतो. म्हणजे अट ठेवली तरी आणि काढली तरी, ज्या शब्दाचा शोध घ्यायचा तो बहुतांशी हाती लागत नाही.

यंत्राची ही उणीव तात्पुरती आहे आणि पुढील आवृत्तीत ती दूर होईल, असे मानण्याकडे कल असतो. काही उणिवा दूर झाल्याही आहेत. परंतु प्रश्नाचे मूळ अधिक खोल आहे. ‘पूर्ण शब्द’ या कल्पनेत शब्द कोठे सुरू होतो आणि कोठे संपतो यासंबंधीचा एक निर्णय गृहीत धरलेला असतो. हा निर्णय कोणी, कोणत्या भाषेसाठी आणि कोणत्या प्रयोजनाने घेतला याला इतिहास आहे. तो इतिहास दृष्टीआड झाला की शोधाचे फलित हेच संहितेविषयीचे तथ्य आहे असा समज होतो, आणि त्या समजावर समीक्षेतील निष्कर्ष उभे राहतात. प्रस्तुत लेखाचा विषय हा इतिहास आणि त्याचे मराठी साहित्याभ्यासावरील परिणाम हा आहे.

२

शब्दसीमा निश्चित करण्याचा आपल्याकडील सर्वांत जुना पद्धतशीर प्रयत्न म्हणजे वेदांचा पदपाठ. संहितापाठ संधियुक्त आणि अखंड असतो. शाकल्याच्या नावावर असलेल्या ऋग्वेदाच्या पदपाठात संधी सोडवून प्रत्येक पद स्वतंत्र उच्चारले जाते. येथे दोन गोष्टी लक्षात घेण्याजोग्या आहेत. पहिली अशी की पदच्छेद हे स्वतःच एक अर्थनिर्णयन आहे. एकाच ध्वनिक्रमाचे दोन प्रकारे विभाजन संभवते तेव्हा पदकाराला पक्ष घ्यावा लागतो. म्हणूनच पदकाराच्या छेदाशी असहमत होण्याची मुभा नंतरच्या भाष्यपरंपरेने घेतलेली दिसते. दुसरी गोष्ट अशी की पदपाठ केवळ एका पातळीची सीमा दाखवून थांबत नाही. समासाचे घटक, तसेच भिः, सु यांसारखे काही विभक्तिप्रत्यय, तो अवग्रहाने वेगळे दाखवतो. हे घटक एकाच पदाचे भाग असतात आणि तरीही त्यांच्यामधील सांधा दिसत राहतो. पदाबाहेरची सीमा आणि पदाच्या आतली सीमा असा भेद येथे आहे.

पाणिनीच्या व्याकरणातही या भेदाला संज्ञेचे स्थान आहे. सुबन्त आणि तिङन्त रूपांना तो ‘पद’ म्हणतो. परंतु पुढे काही प्रत्ययांपूर्वी खुद्द प्रातिपदिकालाही तो ‘पद’ ही संज्ञा देतो, जेणेकरून पदान्ती होणारी ध्वनिकार्ये तेथेही व्हावीत. एकाच रूपात दोन पदान्त संभवतात ही गोष्ट त्या शास्त्राला अडचणीची वाटली नाही, कारण ‘पद’ ही संज्ञा विशिष्ट कार्यासाठी योजलेली होती. आधुनिक शोधसाधनात ही द्विस्तर कल्पना नाही. तेथे सीमा असते किंवा नसते.

युरोपमधील परंपरा वेगळ्या वाटेने गेली. ग्रीक आणि लॅटिन हस्तलिखितांत शब्दांमध्ये मोकळी जागा सोडण्याची रीत दीर्घकाळ नव्हती. लॅटिन ज्यांची मातृभाषा नव्हती अशा आयर्लंडमधील लेखकांनी सातव्या-आठव्या शतकांत ती रूढ केली, आणि मूकवाचनाच्या प्रसाराशी तिचा निकटचा संबंध होता, हे पॉल सेंगर यांनी १९९७ च्या ग्रंथात सविस्तर मांडले आहे. शब्द सुटे दिसू लागल्यानंतर त्यांची सूची करणे सुकर झाले. १२३० च्या दशकात पॅरिसच्या सेंट जाक मठात ह्यू ऑफ सेंट-शेर याच्या देखरेखीखाली डॉमिनिकन भिक्षूंनी लॅटिन बायबलची शब्दसूची तयार केली. प्रत्येक अध्यायाचे सात भाग कल्पून शब्दाचे स्थळ दाखवण्याची त्यांची योजना होती. पहिल्या सूचीत केवळ स्थळनिर्देश होते. शब्दाच्या आसपासचा मजकूर नंतरच्या सूचींत आला.

या सूचींच्या इतिहासातील एक घटना मुद्दाम नोंदवण्यासारखी आहे. आरंभी भर नामे आणि क्रियापदे यांवर होता. अव्ययांना महत्त्व नव्हते. पंधराव्या शतकात बाझेलच्या धर्मपरिषदेच्या काळातील वादांमध्ये नेमका अव्ययांच्या अर्थावर काथ्याकूट होऊ लागला, तेव्हा रगूसाच्या जॉन याने अविकारी शब्दांची सूची करवून घेतली. क्षुल्लक वाटणाऱ्या लघुपदांवर मोठा निर्णय अवलंबून असू शकतो, ही जाणीव येथे प्रथम स्पष्ट झाली. पुढे तीच जाणीव संगणकीय शोधाच्या जन्माशी येऊन मिळते.

भारतीय विद्याभ्यासातही एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून अशा सूची होऊ लागल्या. कर्नल जी. ए. जेकब यांची प्रमुख उपनिषदे आणि भगवद्गीता यांची सूची १८९१ साली मुंबईत प्रसिद्ध झाली. ब्लूमफील्ड यांची वैदिक मंत्रपादांची सूची १९०६ ची. विश्वबंधू शास्त्री यांच्या नेतृत्वाखाली लाहोर आणि पुढे होशियारपूर येथे सिद्ध झालेला वैदिक पदानुक्रम कोश हा या परंपरेचा विशाल आविष्कार होय. मराठीत मु. ग. पानसे यांनी १९५३ साली ज्ञानेश्वरीच्या भाषावैशिष्ट्यांचा अभ्यास पदसूचीसह सिद्ध केला. या सर्व कामांत एक समान गोष्ट आढळते : कोणते रूप कोणत्या शीर्षशब्दाखाली ठेवायचे हे सूचिकार वाचून ठरवतो, आणि त्या निर्णयाची जबाबदारी त्याच्या नावावर असते.

३

यंत्र या कामात आले ते रोबेर्तो बुसा या इटालियन जेझुइट विद्वानाच्या प्रकल्पातून. थॉमस अक्वायनसच्या तत्त्वज्ञानातील ‘सान्निध्य’ ही संकल्पना हा बुसांच्या प्रबंधाचा विषय होता. तिचा मागोवा घेताना त्यांच्या लक्षात आले की केवळ ‘सान्निध्य’वाचक नामे पाहून भागत नाही, अक्वायनसचा विचार ‘इन’ या छोट्या शब्दयोग्याच्या वापरात साठवलेला आहे. त्यासाठी त्यांनी सुमारे दहा हजार पत्रिका हाताने लिहिल्या. पुढे १९४९ साली त्यांनी आयबीएमचे प्रमुख थॉमस वॉटसन यांची भेट घेतली आणि छिद्रपत्रांच्या यंत्रांवर अक्वायनसच्या समग्र वाङ्मयाची सूची करण्याचा प्रकल्प सुरू झाला. ‘इन्डेक्स थोमिस्टिकस’चे ५६ खंड १९७४ ते १९८० या काळात छापून झाले.

छिद्रपत्रांची वर्गवारी यंत्राने केली. मात्र विकारी रूपे मूळ शब्दाखाली आणण्याचे, समरूप शब्द वेगळे करण्याचे काम माणसांनी केले, आणि प्रकल्पाच्या श्रमांचा फार मोठा वाटा तेथे गेला. बुसांच्या दृष्टीने शब्द म्हणजे शब्दकोशातील नोंद होती. कागदावर दोन मोकळ्या जागांमध्ये दिसणारा अक्षरसमूह हा त्या नोंदीकडे जाण्याचा केवळ पहिला टप्पा होता. पुढील दोन दशकांत घडलेल्या एका वेगळ्या घडामोडीत हा पहिला टप्पाच अखेरचा ठरला.

४

ही घडामोड साहित्याच्या अभ्यासकांच्या परिघाबाहेर घडली. गणिती क्लीनी यांनी १९५० च्या दशकात मांडलेली रेग्युलर एक्स्प्रेशनची कल्पना केन थॉम्पसन यांनी मजकुराच्या शोधासाठी वापरली; त्यांचा त्यासंबंधीचा निबंध १९६८ साली प्रसिद्ध झाला. बर्कली येथे तयार झालेल्या ‘क्यूईडी’ या एडिटरच्या स्वतःच्या आवृत्तीत, आणि पुढे युनिक्सच्या ‘एड’ या एडिटरमध्ये, त्यांनी ही शोधपद्धती आणली. १९७३ च्या सुमारास ‘एड’मधील शोधाची आज्ञा सुटी करून ‘ग्रेप’ हे साधन तयार झाले.

‘ग्रेप’च्या जन्माविषयी ब्रायन कर्निहॅन यांनी सांगितलेली हकिकत समीक्षेच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. बेल प्रयोगशाळेतील ली मॅकमेहन यांना ‘फेडरलिस्ट पेपर्स’च्या कर्तृत्वाचा शोध घ्यायचा होता. अमेरिकेच्या राज्यघटनेच्या समर्थनार्थ १७८७-८८ मध्ये टोपणनावाने प्रसिद्ध झालेले हे ८५ निबंध हॅमिल्टन, मॅडिसन आणि जे यांचे. त्यांपैकी १२ निबंध हॅमिल्टनचे की मॅडिसनचे याविषयी वाद होता. हा मजकूर ‘एड’च्या स्मृतीत मावेना, म्हणून थॉम्पसन यांनी फाइल न उघडता ओळीओळीने शोधणारे साधन करून दिले.

याआधी, १९६४ साली, मोस्टेलर आणि वॉलेस या संख्याशास्त्रज्ञांनी याच निबंधांचे कर्तृत्व शब्दांच्या वारंवारतेवरून ठरवले होते. विषयवाचक शब्द त्यांच्या उपयोगाचे नव्हते, कारण दोन्ही लेखक एकाच विषयावर लिहीत होते. लेखकाच्या नकळत पडणारी लघुपदे निर्णायक ठरली : हॅमिल्टन ‘अपॉन’ सढळपणे वापरतो, मॅडिसन क्वचित. ‘ऑन’, ‘बाय’, ‘टू’ यांसारखे शब्द हे लेखकाच्या हाताचे ठसे मानण्याची पद्धत यातून दृढ झाली. या पद्धतीला ‘पूर्ण शब्द’ हा शोध अपरिहार्य आहे. इंग्रजीत ही लघुपदे सुटी लिहिली जातात आणि त्यांची अक्षरे इतर असंख्य शब्दांत आढळतात. सीमेची अट घातली की ती अचूक वेचता येतात.

सीमेची अट यंत्राला कशी सांगितली गेली? १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात बर्कली येथे बिल जॉय यांनी ‘एक्स’ आणि ‘व्हीआय’ हे एडिटर तयार केले. त्यांत शब्दाचा आरंभ आणि शेवट दर्शवणारी दोन खास चिन्हे होती, आणि बर्कलीच्या ‘ग्रेप’मध्ये पूर्ण शब्दाचा पर्याय आला. १९८७ मध्ये लॅरी वॉल यांच्या ‘पर्ल’ भाषेने सीमेसाठी एकच संक्षिप्त चिन्ह प्रचारात आणले आणि ते पुढील बहुतेक साधनांनी उचलले. त्याची व्याख्या अशी : एका बाजूला शब्दाचे अक्षर आणि दुसऱ्या बाजूला शब्दाबाहेरचे चिन्ह असेल, तेथे सीमा. शब्दाचे अक्षर म्हणजे रोमन वर्णमालेतील २६ लहान व २६ मोठी अक्षरे, १० अंक आणि अंडरस्कोर, अशी एकूण ६३ चिन्हे.

या यादीतील अंडरस्कोर हा पुरावा म्हणून पाहण्याजोगा आहे. कोणत्याही नैसर्गिक भाषेच्या शब्दात हे चिन्ह येत नाही. ते येते ‘सी’सारख्या आज्ञाभाषांमध्ये, चलांना आणि कार्यांना दिलेल्या नावांत. उलट इंग्रजी शब्दांत येणारे लोपचिन्ह आणि संयोगरेषा यांना यादीत स्थान नाही; त्यामुळे ‘डोन्ट’ हा शब्द या व्याख्येनुसार लोपचिन्हापाशी दुभंगतो. यावरून स्पष्ट होते की एडिटरमधील ‘शब्द’ हा मुळात प्रोग्रॅममधील नाव होता. इंग्रजी गद्याशी त्याचे जमले, कारण इंग्रजीत विकार थोडे आणि लघुपदे सुटी. हे जमणे भाषेच्या स्वरूपामुळे होते. साधनाच्या व्याख्येत भाषेचा विचार नव्हता.

५

मराठी मजकूर या साधनांपुढे आला तो दोन टप्प्यांनी. पहिल्या टप्प्यात, १९८० आणि १९९० च्या दशकांत, श्रीलिपी, आकृती यांसारख्या संचांमुळे मराठी अक्षरजुळणी संगणकावर आली आणि मराठी प्रकाशनव्यवहार बदलला. अशा अनेक टंकांत संकेतांक दिले होते ते छापायच्या आकृत्यांना : अर्धे अक्षर, काना, वेलांटी, रफार यांच्या सुट्या तुकड्यांना. ऱ्हस्व वेलांटी दिसते व्यंजनाआधी, म्हणून साठवलीही जात असे आधीच. शोधसाधनाच्या लेखी हा मजकूर म्हणजे रोमन अक्षरे आणि विरामचिन्हे यांची निरर्थक मालिका होती. एखाद्या मात्रेचा तुकडा विरामचिन्हाच्या जागी पडला की तेथे शब्द संपला असे यंत्र मानी. पुण्यात १९८८ साली स्थापन झालेल्या सी-डॅकने पुरस्कारलेली आणि १९९१ साली प्रमाण ठरलेली ‘इस्की’ ही संकेतप्रणाली उच्चारक्रमावर आधारलेली होती. परंतु प्रकाशनव्यवहारावर आकृतिप्रधान टंकांचाच पगडा राहिला. त्या काळात जुळवलेल्या पुस्तकांच्या फाइल रूपांतराशिवाय शोधता येत नाहीत.

दुसरा टप्पा युनिकोडचा. १९९१ साली त्याची पहिली आवृत्ती प्रसिद्ध झाली आणि देवनागरीला स्वतंत्र संकेतांक मिळाले. यात स्वर आणि व्यंजने ही अक्षरे म्हणून, तर मात्रा, अनुस्वार आणि हलन्तचिन्ह ही जोडचिन्हे म्हणून वर्गीकृत झाली. हे वर्गीकरण लिपीच्या दृष्टीने समर्थनीय आहे. पण ज्या साधनांनी ‘शब्दाचे अक्षर’ या वर्गात अक्षरे घेतली आणि जोडचिन्हे घेतली नाहीत, त्यांच्यासाठी प्रत्येक मात्रा ही शब्दाचा शेवट ठरली. पायथन भाषेच्या मूळ शोधसंचात दीर्घकाळ हेच घडत आले. त्याचा परिणाम वारांच्या नावांवर पाहता येतो. ‘वार’ हा पूर्ण शब्द शोधला, तर गुरुवार, शनिवार आणि रविवार सापडतात, कारण ‘वार’पूर्वी उकार किंवा वेलांटी आहे, सोमवार, मंगळवार, बुधवार आणि शुक्रवार सापडत नाहीत, कारण तेथे ‘वार’पूर्वी मात्राहीन व्यंजन आहे. त्याच कारणाने ‘वारी’ आणि ‘वारा’ सापडतात, ‘वारकरी’ सापडत नाही. ही विभागणी व्याकरणाला धरून नाही, अर्थाला धरून नाही आणि उच्चारालाही धरून नाही.

याच्या उलट टोकाला जावास्क्रिप्ट ही भाषा आहे. तिच्या प्रमाण व्याख्येत शब्दाचे अक्षर म्हणजे ती जुनी ६३ चिन्हेच होत. देवनागरीचे एकही चिन्ह त्यांत नसल्याने निव्वळ मराठी मजकुरात तिच्या सीमाचिन्हाला एकही सीमा आढळत नाही. पहिल्या साधनाच्या मते मराठी शब्द प्रत्येक मात्रेपाशी संपतो. दुसऱ्याच्या मते मराठीत शब्दच नाहीत. दोन्ही साधने विनातक्रार उत्तर देतात. काही स्थळे सापडली किंवा सापडली नाहीत एवढेच अभ्यासकाला दिसते. नकाराचे कारण दिसत नाही.

युनिकोडच्या विभाजनविषयक परिशिष्टाने जोडचिन्हे मागील अक्षराशी बांधून ही विशिष्ट अडचण सोडवली आहे, आणि ते नियम पाळणाऱ्या साधनांत ‘शनिवार’ अखंड राहतो. थाई, जपानी यांसारख्या मोकळी जागा न सोडणाऱ्या लेखनपद्धतींसाठी हे नियम पुरेसे नाहीत, हे त्याच परिशिष्टात मान्य केलेले आहे. त्याखेरीज एकाच दिसणाऱ्या रूपाची दोन लेखने संभवतात. ‘दऱ्या’मधील अर्धा र दोन वेगवेगळ्या संकेतक्रमांनी लिहिता येतो. ‘ॲ’ या अक्षराला स्वतंत्र संकेतांक मिळाला तो २००८ साली. त्यापूर्वीच्या मजकुरात तो दोन चिन्हांनी जोडलेला असतो. डोळ्यांना एक दिसणारे शब्द यंत्राला दोन दिसतात.

६

ही सर्व तांत्रिक विघ्ने दूर झाली असे समजले, तरी मराठीचा प्रश्न शिल्लक राहतो, कारण तो मराठीच्या लेखनरूढीत आहे. हिंदी आणि मराठी यांची लिपी एक. तथापि हिंदीत नामानंतरचे ‘को’, ‘का’, ‘से’, ‘पर’ सुटे लिहिले जातात, मराठीत ‘ला’, ‘चा’, ‘ने’ हे प्रत्यय नामाला जोडले जातात. एवढेच नव्हे तर ‘वर’, ‘खाली’, ‘साठी’, ‘पासून’, ‘समोर’ ही शब्दयोगी अव्ययेही जोडूनच लिहिली जातात. हिंदीत ‘राम’ हा पूर्ण शब्द शोधला की ‘राम को’, ‘राम का’ ही स्थळे मिळतात. मराठीत ‘रामाला’, ‘रामाचा’, ‘रामासाठी’ ही प्रत्येकी वेगळी अक्षरमालिका आहे. दोन भाषांतील ‘राम’ शब्दाच्या वारंवारतेची तुलना या शोधावरून केली, तर हाती येईल तो मुख्यतः लेखनरूढीतील फरक.

येथेच फेडरलिस्टच्या उदाहरणाचा खरा संदर्भ लागतो. लेखकाची ओळख पटवणारी, नकळत येणारी लघुपदे इंग्रजीत सुटी असतात, म्हणून पूर्ण शब्दाच्या शोधाला ती सापडतात. मराठीत तेच व्याकरणिक कार्य करणारे घटक शब्दाच्या आत असतात. जी पद्धत इंग्रजीत लेखकाच्या हाताचा ठसा टिपते, तीच मराठीत ठसा असलेली जागा झाकून टाकते आणि केवळ विषयवाचक शब्दांची प्रथमेची रूपे हाती ठेवते. मराठीतील शैलीवैज्ञानिक अभ्यासात वारंवारतेची कोष्टके येऊ लागल्यापासून हा प्रश्न अधिक निकडीचा झाला आहे.

जुन्या संहितांबाबत आणखी एक पातळी वाढते. मोडीत आधी आडवी रेघ आखून तिच्याखाली अक्षरे लिहिली जात आणि शब्दांमध्ये जागा सोडण्याची रीत नव्हती. बालबोध हस्तलिखितांतही ओळ बहुधा अखंड असे. म्हणून छापील ज्ञानेश्वरीत किंवा गाथेत दिसणारी प्रत्येक मोकळी जागा ही संपादकाची आहे. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ च्या सुमारास, शुद्ध केलेली परंपरा, राजवाड्यांनी १९०९ साली छापलेली प्रत, १८६९ ते १८७३ या काळात इंदुप्रकाश छापखान्यातून सरकारी साहाय्याने निघालेली तुकारामांची गाथा : यांतील पाठभेदांची चर्चा पुष्कळ झाली आहे. पदच्छेदातील भेदांची चर्चा त्या मानाने थोडी. ‘चि’, ‘न’, ‘पां’ यांसारखी लघुपदे मागील शब्दाला जोडायची की सुटी ठेवायची, ‘लागीं’ हे प्रत्ययासारखे लिहायचे की स्वतंत्र, हे संपादक ठरवतो. पूर्ण शब्दाच्या शोधात ज्ञानेश्वरांच्या भाषेबरोबर संपादकाचा हा निर्णयही मोजला जातो, आणि दोन आवृत्त्यांवर तोच शोध घेतल्यास दोन आकडे मिळू शकतात.

शुद्धलेखनाचा इतिहासही यात मिसळतो. साहित्य महामंडळाच्या १९६२ च्या नियमांनी अनुच्चारित अनुस्वार गेला. त्यापूर्वी ‘नांव’ म्हणजे अभिधान आणि ‘नाव’ म्हणजे होडी हा भेद लेखनात दिसे. त्यानंतर दोन्ही ‘नाव’ झाले. ‘घरांत’ हे रूप जुन्या लेखनात एकवचनी सप्तमीचेही असू शकते. एखाद्या लेखकाच्या १९६२ पूर्वीच्या आणि नंतरच्या पुस्तकांत ‘नाव’ हा शब्द शोधून त्याच्या शब्दकळेत बदल झाला असे म्हणणे म्हणजे लेखननियमांचा बदल लेखकाच्या पदरी बांधणे होय.

७

या चर्चेला समीक्षेच्या दृष्टीने महत्त्व येते ते अभावाच्या युक्तिवादामुळे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शिवराम एकनाथ भारदे यांनी ‘भारद्वाज’ या नावाने ‘सुधारका’त लिहून ज्ञानेश्वरीचे कर्ते आणि अभंगांचे कर्ते हे दोन वेगळे पुरुष असल्याचे प्रतिपादन केले. त्यांच्या प्रमाणांत भाषेतील फरक होता, तसेच अभंगांत ओसंडणाऱ्या विठ्ठलभक्तीविषयी ज्ञानेश्वरी मौन बाळगते हेही होते. या मताचा प्रतिवाद झाला आणि वाद दीर्घकाळ चालला. येथे त्याच्या निर्णयाशी कर्तव्य नाही. युक्तिवादाच्या स्वरूपाशी आहे. एखादा शब्द नाही, म्हणून ती कल्पना नाही. कल्पना नाही, म्हणून कर्ता वेगळा, अशी ही साखळी आहे. भारद्वाजांना आणि त्यांच्या प्रतिपक्षाला हा अभाव सांगण्यासाठी सुमारे नऊ हजार ओव्या वाचाव्या लागल्या. वाचताना नाव नसलेली सूचना, पर्यायनाम, विशेषण, रूपक हेही त्यांच्या नजरेखालून गेले, आणि वाद झाला तो त्यांच्या अर्थाविषयी. आज तोच अभाव एका आज्ञेत सिद्ध झाल्यासारखा भासतो. शोधाने शून्य दाखवले की त्या शून्याला पुराव्याची प्रतिष्ठा मिळते. पण त्या शून्यात संकेतप्रणालीचे, मात्रांच्या वर्गीकरणाचे, लेखनरूढीचे आणि संपादकाच्या पदच्छेदाचे वाटे किती, हे शून्य सांगत नाही.

याचा अर्थ अभ्यासकाने यांत्रिक शोध वर्ज्य करावा असा नाही. मोठ्या संहितेतील स्थळे स्मरणावर विसंबून गोळा करणे हेही दोषमुक्त नव्हते, आणि जे वाचकाच्या नजरेतून सुटते ते यंत्र अनेकदा दाखवते. मागणी एवढीच की शोधाला सूचीइतकी जबाबदारी असावी. ‘हा शब्द अमुक वेळा येतो’ असे विधान करणाऱ्याने कोणती आवृत्ती घेतली, तिचा पदच्छेद कोणाचा, कोणती विकारी रूपे आणि सामान्यरूपे मोजली, जुन्या-नव्या लेखनाचा मेळ कसा घातला आणि साधनाची शब्दसीमेची व्याख्या कोणती, हे नोंदवणे आवश्यक आहे. पदव्युत्तर प्रबंधांत संदर्भग्रंथांची आवृत्ती नोंदवण्याचा जो दंडक आहे, त्याच दंडकात ही नोंद बसते.

त्याहून मूलगामी काम संहितांच्या सिद्धतेचे आहे. मराठी संहिता केवळ मोकळ्या जागांसह साठवण्याऐवजी शब्दाच्या आतले सांधेही चिन्हांकित करून साठवता येतील : प्रकृती कोठे संपते, सामान्यरूप कोणते, प्रत्यय कोणता, शब्दयोगी अव्यय कोठे सुरू होते. असे चिन्हांकन झाल्यास ज्ञानेश्वरीतील ‘तें’, ‘सी’, ‘लागीं’ यांची वारंवारता अभंगांतील वारंवारतेशी ताडून पाहता येईल, आणि फेडरलिस्टच्या निबंधांसाठी जी कसोटी लावली गेली तिच्याशी तुलनीय कसोटी मराठीतील कर्तृत्ववादांना प्रथमच लावता येईल. हे काम व्याकरण जाणणाऱ्या वाचकाचे आहे आणि प्रत्येक छेदापाशी त्याला पक्ष घ्यावा लागेल. पदपाठकारांनी बाहेरची सीमा आणि आतली सीमा वेगळ्या चिन्हांनी दाखवण्याची जी रीत पाडली, तिचा उपयोग येथे केवळ ऐतिहासिक गौरवापुरता नाही. मराठीसारख्या भाषेला एकस्तरीय शब्दसीमा अपुरी पडते, आणि द्विस्तरीय सीमेचा एक पूर्ण विकसित नमुना आपल्या विद्यापरंपरेत उपलब्ध आहे. मराठी साहित्याच्या संख्यानिष्ठ अभ्यासाची विश्वसनीयता या नमुन्याचा विचार आपण कितपत गांभीर्याने करतो यावर मोठ्या प्रमाणात अवलंबून राहील.